बायचा ओठ आणि बायची टाळू

२ मार्च २०२३, गुरुवार. शिगमो, म्हणजे आमच्याकडचा शिमगा, तीन-चार दिवसांवर आला होता आणि बाहेर कुठेतरी ढोलांचा सराव चालला होता. नर्सबाईंनी बाळ माझ्या हातात दिलं तेव्हा दुपट्याचं टोक तिच्या तोंडावर ओढलेलं होतं. "मुलगी आहे. ओठाचं थोडं आहे, डॉक्टर सांगतील," एवढं बोलून त्या आत गेल्या. मी टोक बाजूला केलं. डाव्या बाजूचा वरचा ओठ थेट नाकपुडीपर्यंत उघडा होता. त्याच रेषेत हिरडीलाही भेग होती. नाकपुडी पसरून चपटी झालेली. आणि वर दोन टपोरे काळे डोळे.

घरात तिला आम्ही बाय म्हणतो, इथेही तेच म्हणेन. आम्ही गोव्यातल्या डिचोली तालुक्यातले. मी एका खासगी संस्थेच्या मराठी प्राथमिक शाळेत शिकवतो. त्या रात्री मला एकच गोष्ट हवी होती: यातून गेलेल्या कुणीतरी शेजारी बसून क्रमाने सांगावं, आधी काय होतं, मग काय, किती दिवस लागतात, किती पैसे जातात. तसं कुणी भेटायला पुढे तीन महिने गेले. म्हणून हे सगळं तारखांसकट लिहून ठेवतो आहे.

दुसऱ्या दिवशी बालरोगतज्ज्ञांनी बॅटरीच्या उजेडात तोंडाच्या आत दाखवलं. जिथे तोंडाचं छत असायला हवं तिथे पुढून मागपर्यंत लांब फट होती. पडजीभ दोन भागांत वाटलेली. त्या फटीतून नाकाची आतली बाजू दिसत होती. "ओठ आणि टाळू, दोन्ही दुभंगलेलं आहे," ते म्हणाले. हे ऐकून आईचा हात बायच्या डोक्यावर गेला. आपल्याकडे टाळू म्हणजे तेल भरायची, डोक्यावरची मऊ जागा. आईला वाटलं कवटीतच काहीतरी आहे, आणि ती मटकन खाली बसली. तोंडातली टाळू वेगळी, डोक्यावरची वेगळी, हे समजावून सांगायला अर्धा तास गेला. तुमच्या घरीही वडीलधारी माणसं असतील तर हा खुलासा आधी करा.

डॉक्टरांनी जे सांगितलं ते मला समजलं तसं सांगतो. पोटात असताना बाळाचा चेहरा दोन्ही बाजूंनी वाढत येतो आणि मध्ये सांधला जातो. ओठाचा सांधा गर्भारपणाच्या चौथ्या ते सातव्या आठवड्यात जुळतो, टाळूचा सहाव्या ते नवव्या आठवड्यात. तो जुळायचा राहिला की भेग राहते. म्हणजे काही फाटलेलं नसतं, मिटायचं राहून गेलेलं असतं. या एका वाक्याने बायकोला खूप धीर आला. जगभरात साधारण ७०० जन्मांमागे एका बाळाला हे असतं. एका बाजूचं असेल तर डावी बाजू जास्त वेळा. कारण म्हणून एकाच गोष्टीवर बोट ठेवता येत नाही. थोडं आनुवंशिक, थोडं गर्भारपणातल्या परिस्थितीचं. धूम्रपान, आधीपासूनचा मधुमेह, फेफऱ्याची काही औषधं यांनी शक्यता वाढते. आमच्या घरात यातलं काहीच नव्हतं.

पाचव्या महिन्यातली मोठी सोनोग्राफी एका खासगी दवाखान्यात झाली होती, अहवालात सगळं ठीक होतं. मी पुष्कळ दिवस त्या अहवालावर चिडून होतो. नंतर कळलं की ओठाची भेग त्या तपासणीत दिसू शकते, पण बाळाने हात तोंडाशी धरला किंवा पाठ फिरवली तर राहून जाते. नुसत्या टाळूची भेग तर सोनोग्राफीत क्वचितच कळते. राग अजून पूर्ण गेला आहे असं म्हणणार नाही. आधी कळलं असतं तर इलाज बदलला नसता, पण पहिला आठवडा आम्ही असा अंधारात काढला नसता.

आता गिराणाबद्दल, म्हणजे ग्रहणाबद्दल. तिसऱ्या दिवशी नात्यातल्या एक मावशी आल्या, बाळाकडे बघितलं आणि बायकोला विचारलं, "गिराणात आदोळीवर बसली होतीस?" आदोळी म्हणजे विळी; ग्रहणात काही चिरलं की बाळाचा ओठ चिरतो, असा समज. २५ ऑक्टोबर २०२२ रोजी, दिवाळीच्या दुसऱ्या दिवशी, खंडग्रास सूर्यग्रहण होतं. बायकोने त्या दिवशी भाजी चिरली होती. ती काही बोलली नाही, पण त्या रात्री तिने मला तीन वेळा विचारलं. मी कॅलेंडर काढलं आणि तिच्यासमोर आठवडे मोजले. नववा आठवडा जुलै २०२२ च्या शेवटी संपला होता. ग्रहण आलं तेव्हा तिला बाविसावा आठवडा चालू होता. ओठ आणि टाळू जे काही व्हायचे ते तीन महिने आधीच होऊन गेले होते. ते पान मी फाडून तिच्या उशाशी ठेवलं. ज्या ज्या आईला हा प्रश्न विचारला जातो, तिच्यासाठी घरातल्या कुणीतरी हे आठवडे मोजावेत. तिला एकटीला मोजायला लावू नये.

पहिल्या आठवड्यातला खरा धोका दुधाचा होता, आणि तो आम्हाला उशिरा समजला. बाय अंगावर लागायची, ओठ हलवायची, दमायची, झोपायची. सगळे म्हणाले, नवं बाळ आहे, शिकेल. पण टाळूला भेग असली की तोंडात ओढ तयारच होत नाही, जसं भोक पडलेल्या नळीने पाणी ओढता येत नाही. आत गेलेलं थोडं दूध नाकातून यायचं. जन्माचं वजन २.७ किलो होतं, सहाव्या दिवशी ते २.३८ भरलं. पहिल्या दिवसांत वजन थोडं उतरतंच, पण दहा टक्क्यांहून जास्त उतरणं काळजीचं असतं. प्रसूती झाली त्या ठिकाणी पाजण्याविषयी आम्हाला कुणीच काही दाखवलं नाही. बाळाला घरी नेण्याआधी कुणीतरी समोर बसून पाजायची रीत दाखवावी, यासाठी हट्ट धरा. नुसता ओठ दुभंगलेला असेल तर बरीच बाळं अंगावर पिऊ शकतात. टाळू दुभंगलेली असेल तर बहुतेक वेळा आईचं दूध काढूनच पाजावं लागतं.

आम्हाला पहिला आधार मिळाला तो आईच्या ट्रंकेतल्या बोंडल्याचा. माझ्या आजीचं, चांदीचं, एका बाजूला चोच असलेलं. डॉक्टर म्हणाले, दक्षिणेत यालाच पालाडाई म्हणतात, प्लास्टिकचीही मिळते, तुमचं हेच वापरा. प्रत्येक वेळी दहा मिनिटं उकळायचं. बायला मांडीवर जवळजवळ बसतं धरायचं, आडवं कधीच नाही. चोच भेगेच्या बाजूला न ठेवता धड बाजूच्या गालाकडे टेकवायची, थेंबथेंब सोडायचं, गिळल्याचा आवाज ऐकायचा, मग पुढचा थेंब. ती मानेतून "गुटुक" करायची. तो आवाज ऐकण्यासाठी रात्री पंखा बंद करत होतो. दर दहा मिनिटांनी ढेकर काढायचा, कारण अशी बाळं दुधाबरोबर खूप हवा गिळतात. एक वेळचं पाजणं अर्ध्या तासाच्या वर ताणायचं नाही, नाहीतर जेवढं पोटात जातं तेवढं दमण्यातच खर्च होतं. शेवटी दोन चमचे उकळून गार केलेलं पाणी, म्हणजे भेगेत दूध साचत नाही.

पंधरा दिवसांनी खास बाटली मागवली. तिच्या बुचात एकतर्फी झडप असते आणि बाटली मऊ असते. बाळाने हिरड्यांनी चावलं की दूध येतं, आपण तिच्या गिळण्याच्या लयीत हलकेच दाबायचं. एक बाटली अडीच हजारांच्या घरात, आम्ही दोन घेतल्या. घाई नव्हती असं आज वाटतं. बोंडल्यावरही ती दिवसाला २५-३० ग्रॅम वाढायला लागली होती. हाताचा पंप ९०० रुपयांचा घेतला. बायकोने तो सात महिने चालवला, दिवसातून सहा-सात वेळा. या सगळ्यात सर्वांत जास्त कष्ट कुणाचे असतील तर तिचे.

बारसं बाराव्या दिवशी केलं. करायचं की नाही यावर घरात दोन मतं होती. शेवटी पन्नासेक माणसं आली. आपल्याकडे पाळण्यात वाकून पहिलं वाक्य ठरलेलं असतं, "कोणावर गेलीय?" त्या दिवशी ते एकानेही उच्चारलं नाही. लोक पाळण्यापाशी येत, हातात पाकीट ठेवत आणि पुन्हा पंगतीकडे वळत. माझ्या शाळेतल्या पहिलीच्या एका मुलीने मात्र विचारलं, "सर, हिचा ओठ कधी शिवणार?" मी म्हटलं, पावसात. तिने मान डोलावली आणि बायचं बोट धरलं. आम्ही त्या दिवसाचे फोटो काढले, तोंड न झाकता. ते आज आमच्याजवळ आहेत याचं समाधान वाटतं.

२० मार्चला पहिल्यांदा बांबोळीला गोमेकॉत, म्हणजे गोवा मेडिकल कॉलेजच्या इस्पितळात गेलो. सकाळी सहाला निघून आमोणे पूल, माशेल, बाणस्तारी, जुने गोवे अशा वाटेने. प्लास्टिक सर्जरीच्या डॉक्टरांनी पुढची सगळी वाट एका कागदावर लिहून दिली. ओठ तीन ते सहा महिन्यांत. टाळू नऊ ते अठरा महिन्यांत. कान तपासत राहायचे. बोलायला लागण्याच्या सुमाराला वाचा-उपचार. हिरडीच्या भेगेत हाड भरणं सात ते अकरा वर्षांच्या दरम्यान, सुळा उतरण्याआधी. मग दातांना तार. मी तो कागद वाचत खाली अकरा वर्षांपर्यंत आलो आणि डोळ्यापुढे अंधारी आली. डॉक्टरांनी पहिल्या दोन ओळींखाली रेघ मारली आणि म्हणाले, "या वर्षी एवढंच बघा."

ओठ कधी करायचा याला एक जुना ठोकताळा आहे, दहाचा: वय दहा आठवडे, वजन दहा पौंड म्हणजे साडेचार किलो, हिमोग्लोबिन दहा. तोवर आमच्याकडे दोन कामं होती. एक म्हणजे वजन वाढवणं. दुसरं, ओठाच्या दोन कडा जवळ याव्यात म्हणून रोज गालापासून गालापर्यंत चिकटपट्टी लावणं. पट्टी रोज काढली की गाल लाल होतो. म्हणून आधी गालावर त्वचेला मऊ अशी एक पट्टी कायम लावायची आणि ओढायची पट्टी तिच्यावर चिकटवायची. हे एका नर्सताईंनी शिकवलं. हृदयाचा इकोही करून घेतला, कारण काही बाळांना याच्याबरोबर दुसराही दोष असतो. बायचं हृदय चांगलं निघालं.

कागदांचं आता सांगतो. सगळ्यात आधी जन्मदाखला काढा, तो हातात नसेल तर पुढचं काहीच हलत नाही. बायचं आधार करायला एप्रिलमध्ये गेलो. पाच वर्षांखालच्या मुलांचे बोटांचे ठसे घेत नाहीत, नुसता फोटो घेतात आणि आईबापापैकी एकाचा ठसा. तिथल्या माणसाने पडद्यावर बायचा चेहरा पाहिला आणि म्हणाला, "ऑपरेशन झाल्यावर या, फोटो चांगला येईल." बायकोने काही न बोलता बायला उचललं आणि बाहेर गेली. दुसऱ्या दिवशी आम्ही दुसऱ्या केंद्रावर गेलो, तिथे दहा मिनिटांत काम झालं. असा नकार कुठलाही नियम देत नाही. तुम्हाला कुणी परत पाठवलं तर कुठल्या नियमाने, ते लिहून मागा.

मग दीनदयाळ स्वास्थ्य सेवा योजनेच्या कार्डावर बायचं नाव चढवलं. २०१६ पासूनची ही गोवा सरकारची योजना, पाच वर्षं किंवा जास्त गोव्यात राहणाऱ्या कुटुंबांसाठी. तीन माणसांपर्यंतच्या कुटुंबाला वर्षाला अडीच लाख, चार किंवा जास्त असतील तर चार लाखांपर्यंतचं संरक्षण. रहिवासी दाखला, आधार, जन्मदाखला, यांच्या चार-चार प्रती सोबत असू द्या. कार्डाची मुदत शस्त्रक्रियेच्या तारखेआधी संपत नाही ना, तेही बघून ठेवा. ज्यांच्याकडे कार्ड नाही त्यांच्यासाठी दुसऱ्या वाटाही आहेत. केंद्राचा राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रम २०१३ पासून आहे आणि दुभंगलेला ओठ-टाळू त्याच्या यादीत आहे. अंगणवाडीत आणि शाळेत डॉक्टरांचं पथक येतं ते यातलंच. माझ्या वर्गात ते पथक येऊन गेलेलं, मुलांचे दात-डोळे बघून गेलेलं, आणि ते आणखी काय काय बघतात हे मला बाय होईपर्यंत माहीत नव्हतं. स्माइल ट्रेन ही संस्थाही भारतातल्या आपल्या भागीदार रुग्णालयांमधून ही शस्त्रक्रिया मोफत करून देते.

जूनमध्ये बाह्यरुग्ण विभागाच्या बाकावर पेडण्याचे एक गृहस्थ भेटले. त्यांचा मुलगा नऊ वर्षांचा, हाड भरण्यासाठी आलेला. ओठावर बारीकशी पांढरट रेघ, बाकी काही नाही. तो बायला बघून म्हणाला, "मी पण असाच होतो. पपांकडे फोटो आहे." त्याच्या वडिलांनी खरंच पाकिटातून तो फोटो काढला. बायकोने तो खूप वेळ हातात धरला. निघताना त्यांनी सांगितलं, "एक प्लास्टिकच्या कप्प्यांची फाईल घ्या. चिठ्ठी, रिपोर्ट, पावती, तारखेवारी लावा. दर वेळी नवे डॉक्टर असतात, फाईल तीच असते." आमच्या फाईलचे आज ६२ कप्पे भरलेत.

ओठाची पहिली तारीख २१ जून होती. वजन ४.८ किलो, म्हणजे पुरेसं. पण हिमोग्लोबिन ९.२ आलं आणि पावसाच्या पहिल्या आठवड्यात बायला सर्दी झाली. छातीत घुरघुर असताना भूल देत नाहीत. तारीख पुढे गेली. मी घरी येऊन कुणाशी बोललो नाही. चार आठवडे लोहाचे थेंब दिले, पाहुण्यांना यायला बंदी केली, मी शाळेतून आलो की आधी अंघोळ करून मगच तिला घ्यायचो. तारखेच्या आधीचे पंधरा दिवस बाळाला लग्न, बाजार, जत्रा यांपासून लांब ठेवा, कुणी रागावलं तरी चालेल.

१९ जुलै, बुधवार. भुलीआधी किती वेळ पोट रिकामं हवं याचा हिशेब असतो: आईचं दूध चार तास आधीपर्यंत, पावडरचं किंवा वरचं दूध सहा तास, नुसतं पाणी दोन तास. पहाटे चारला शेवटचं पाजलं. साडेआठला तिला आत नेलं. दरवाजापर्यंत बायकोच्या कडेवर होती, तिथे एका ताईंनी हात पुढे केले. बाय नव्या माणसाकडे बघून हसली. ते रुंद, नाकापर्यंत जाणारं हसू मी शेवटचं पाहिलं.

दीड तासाने बाहेर आणली तेव्हा मी तिला ओळखलं नाही. ओठ मिटलेला, सुजलेला, त्यावर बारीक टाक्यांची वाकडी रेघ. सगळे म्हणाले, किती छान झालं. बायको रडायला लागली, आणि मला कळलं की ती आनंदाने रडत नाहीये. साडेचार महिने ज्या चेहऱ्याचे मुके घेतले तो चेहरा गेला होता. हे आम्हाला कुणी आधी सांगितलं नव्हतं, म्हणून मुद्दाम लिहितो: असं वाटतं, वाटू शकतं, आणि आठवडाभराने नव्या ओठावरही तितकाच जीव जडतो.

तिचा हात टाक्यांकडे जाऊ नये म्हणून कोपर वाकू न देणाऱ्या पट्ट्या बांधतात. तिथल्या पट्ट्या टोचायच्या, म्हणून सासूबाईंनी जुन्या सुती साडीच्या बाह्या शिवून त्यांत आईस्क्रीमच्या काड्या उभ्या घातल्या. दहा दिवस चालल्या. दूध चमच्याने. सहाव्या दिवशी टाके काढले. वण दोन-तीन महिने लाल आणि घट्ट होतो, मग हळूहळू मऊ पडतो. डॉक्टरांनी सांगितल्यावर बोटाने रोज तीन वेळा चोळायचं आणि उन्हात नेताना टोपी घालायची.

यानंतर जे झालं त्यासाठी खरं तर मी हे सगळं लिहायला घेतलं. ओठ शिवला गेला आणि लोकांच्या दृष्टीने काम संपलं. "झालं ना आता बरोबर? परत दवाखाना कशाला?" ऑगस्टपासून हे ऐकत होतो. ओठ दिसतो, टाळू दिसत नाही. बांबोळीच्या बाकावर मी दहा-बारा वर्षांची मुलं पाहिली, ओठ लहानपणी शिवलेला, टाळू तशीच, कारण घरच्यांना वाटलं आता चेहरा चांगला दिसतोय. त्यातल्या एका मुलाने मला काहीतरी विचारलं आणि मला ते समजलं नाही. त्याने दोनदा सांगितलं, मग मान खाली घातली. शिक्षक असून मला त्याचा एक शब्द धरता आला नाही.

मी पहिलीला वर्णमाला शिकवतो. क-ख-ग-घ घशापाशी, च-छ-ज-झ टाळूला, त-थ-द-ध दातांना, प-फ-ब-भ ओठांवर. आपली अक्षरं तोंडातल्या जागेप्रमाणे लावलेली आहेत आणि प्रत्येक ओळीचं शेवटचं अक्षर नाकातलं: ङ, ञ, ण, न, म. वीस वर्षं हे फळ्यावर लिहिलं, पण त्याचा अर्थ बायने शिकवला. 'ब' म्हणायचा तर हवा ओठांमागे क्षणभर अडली पाहिजे. तिची हवा अडायच्या आधीच फटीतून नाकात निघून जायची. म्हणून 'ब'चा 'म' व्हायचा, 'द'चा 'न' व्हायचा. प्रत्येक ओळीतलं शेवटचं अक्षर तेवढं तिला येत होतं. नवव्या महिन्यात ती माझ्याकडे हात पसरून "मामामा" म्हणायची. माझा मेहुणा खूश होता. मीही हसायचो.

कानांचं याच सुमाराला कळलं. टाळूचे स्नायू नीट जोडलेले नसले की कानापासून घशापर्यंत जाणारी नळी उघडझाप करत नाही आणि पडद्यामागे पाणी साचतं. दुखत नाही, ताप येत नाही, फक्त ऐकू कमी येतं. सप्टेंबरमध्ये केलेल्या बेरा या ऐकण्याच्या तपासणीत तिला दोन्ही कानांनी कमी ऐकू येत असल्याचं निघालं. टाळी वाजवली की ती वळायची, म्हणून आम्ही निर्धास्त होतो. टाळी मोठी असते. हाक छोटी असते.

६ फेब्रुवारी २०२४, मंगळवार. वय अकरा महिने, वजन ८.१ किलो. टाळूची शस्त्रक्रिया आणि त्याच भुलीत दोन्ही कानांत बारीक नळ्या, ज्यांना ग्रोमेट म्हणतात. या वेळी अडीच तास लागले. ओठापेक्षा हे बाळाला जड जातं, मनाची तयारी ठेवा. पहिली रात्र लाळेतून रक्ताची झाक, घोरणं, दर अर्ध्या तासाने दचकून उठणं. ती रात्र आम्ही दोघांनी तिला उभ्याने छातीशी धरून काढली. मग तीन आठवडे सगळं पातळ: गाळलेली पेज, नाचणीचं तिजान, डाळीचं पाणी, पेल्याने. तोंडात चमचा घालायचा नाही, टोस्ट-बिस्किट नाही, हाताला सासूबाईंच्या बाह्या पुन्हा. खाल्ल्यावर पाणी पाजायचं. शेजारच्या आजीने प्रेमाने चणे-कुरमुरे आणून दिले तेव्हा बायकोने हात जोडून परत केले. पुढची हिरडीतली भेग अजून आहे, ती हाड भरताना मिटेल. तिथून कधी दही नाकात येतं, घाबरायचं नाही.

ग्रोमेट बसल्यावर चौथ्या दिवशी घरी अंगणात कावळा ओरडला आणि बाय झटकन मान वर करून शोधायला लागली. आधी ती कावळ्याकडे कधी बघत नव्हती.

वाचा-उपचार मेपासून सुरू केले, पंधरवड्यातून एकदा. पहिल्याच दिवशी थेरपिस्ट ताईंनी आमचा एक गैरसमज काढला. आम्ही फुगे, पिपाण्या, मेणबत्ती विझवणं हे सगळं जमवून ठेवलं होतं. त्या म्हणाल्या, फुंकण्याने फुंकणं सुधारतं, बोलणं बोलूनच सुधारतं. घरात बोलता तीच भाषा बोला, तिच्या तोंडासमोर तोंड आणून, सावकाश. आणि एक छोटा आरसा घ्या. नाकाखाली धरायचा. 'पपई' म्हणताना आरशावर वाफ आली तर हवा नाकातून जातेय, नाही आली तर तोंडातून.

२३ सप्टेंबर २०२४, सोमवारी संध्याकाळी मी पायऱ्यांवर चपला काढत होतो. आतून आवाज आला, "बाबा." मी आधी बायकोकडे बघितलं, तिने म्हटलं का म्हणून. ती स्वयंपाकघरात होती. बाय दारात उभी, एक हात चौकटीला. पुन्हा म्हणाली. मी आरसा आणायला धावलो नाही.

आता सप्टेंबर २०२५, ती अडीच वर्षांची आहे. प, ब, त, द आले आहेत. 'क' अजून येत नाही. काका म्हणायचं असलं की ती घशातच अडवून "आ-आ" करते. टाळू मिटायच्या आधी लागलेली सवय आहे, सुटायला महिने लागतील असं ताई म्हणतात. डाव्या कानातलं ग्रोमेट आपोआप गळून पडलं, ते पडतातच. उजवं आहे. पुढे कधी बोलणं फारच नाकात राहिलं तर टाळूवर आणखी एक शस्त्रक्रिया लागू शकते, हेही सांगून ठेवलेलं आहे.

खर्च विचारतात म्हणून लिहितो. दोन्ही शस्त्रक्रियांचे आम्हाला पैसे पडले नाहीत. बाटल्या, पंप, पट्ट्या मिळून सुमारे ७,००० रुपये. बाहेर केलेल्या इको, बेरा वगैरे ५,५००. गाडीभाडं सगळ्यात जास्त, आजवर १८,००० च्या आसपास, कारण तान्ह्या बाळाला घेऊन बसचे दोन बदल झेपत नाहीत. माझ्या बिनपगारी रजा ३१. दुसरं मूल हवं असेल तर पुन्हा हे होण्याची शक्यता आमच्यासारख्या कुटुंबात साधारण २ ते ५ टक्के, असं समुपदेशनात सांगितलं. फॉलिक अ‍ॅसिड दिवस राहायच्या आधीपासून सुरू करायला सांगितलंय. आम्ही अजून ठरवलेलं नाही.

आणि ज्यांच्या घरी आज बाळ झालंय, ओठ अगदी धड असला तरी, बाळ पिताना नाकातून वारंवार दूध येत असेल तर डॉक्टरांना बॅटरी घेऊन तोंडाचं छत मागपर्यंत, पडजिभेपर्यंत, बघायला सांगा. नुसत्या टाळूची भेग जन्मावेळी निसटून जाते.

आमची पुढची तारीख १४ ऑक्टोबर, मंगळवार. कानांची तपासणी आणि 'क'. फाईलच्या पहिल्या कप्प्यात आरसा ठेवला आहे.